श्रोणीच्या प्रतिकृतीचा संच: वळण दिसते, टाळू दिसत नाही

बारावीच्या जीवशास्त्राच्या वर्गासाठी मी स्त्रीच्या श्रोणीची (कमरेच्या हाडांच्या कड्याची) पूर्णाकृती प्रतिकृती आणि सोबत अर्भकाची कवटी असा संच मागवला. माणसाचे बाळंतपण इतर प्राण्यांपेक्षा अवघड का, हे विद्यार्थी दरवर्षी विचारतात आणि फळ्यावरच्या आकृतीने त्यांचे समाधान होत नाही.

श्रोणी उत्तम आहे. पट्टी लावून पाहिली तेव्हा वरचे द्वार आडवे 13 सेंमी आणि पुढून मागे 11 सेंमी भरले. खाली मात्र जागा पुढून मागे जास्त आहे. त्यामुळे कवटी आडवी धरून आत सोडली की मध्यावर, जिथे दोन्ही बाजूंच्या हाडांची टोके आत आली आहेत तिथे ती अडते आणि पाव वळसा दिल्यावरच पुढे सरकते. हे स्वतःच्या हाताने करताना मुले एकदम गप्प होतात. चिंपांझीच्या मादीची श्रोणी पिल्लाच्या डोक्याच्या मानाने ऐसपैस असते. संचात ती नसल्याने मी पुठ्ठ्याची कापून घेतली. इथिओपियात 1974 मध्ये सापडलेल्या, 32 लाख वर्षांपूर्वीच्या ‘लूसी’ या मानवी पूर्वजकुळातल्या मादीची श्रोणी दोन पायांवर चालणाऱ्यांसारखी आखूड आणि पसरट, पण मेंदू चिंपांझीएवढाच होता, म्हणजे दोन पायांवरची चाल आधी आली आणि मोठे डोके फार नंतर, हे त्या पुठ्ठ्यामुळे सांगता आले.

कवटीने मात्र निराशा केली. टाळू आणि हाडांमधल्या फटी तिच्यावर नुसत्या रंगवलेल्या आहेत. बाहेर येताना बाळाच्या डोक्याची हाडे किंचित एकमेकांवर चढतात आणि जन्मावेळी प्रौढाच्या सुमारे 30 टक्केच असलेला मेंदू (चिंपांझीत हे प्रमाण सुमारे 40 टक्के) पुढे झपाट्याने वाढतो. टाळू भरायला दीड वर्षापर्यंत वेळ लागतो तो यासाठीच. घरोघरी जिच्यावर तेल जिरवतात ती जागाच इथे टणक प्लास्टिकची असावी, याचे वाईट वाटते.

माहितीपुस्तिकेत बाळ इतके अपरिपक्व जन्मते ते केवळ श्रोणी अरुंद म्हणून, असे ठामपणे छापले आहे. हा विचार मानववंशशास्त्रज्ञ शेरवुड वॉशबर्न यांनी 1960 मध्ये मांडला. परंतु वाढत्या गर्भाला ऊर्जा पुरवण्याची आईच्या शरीराची क्षमता संपत येते म्हणून प्रसूती होते, असा पर्याय त्याच शास्त्रातल्या हॉली डन्सवर्थ आणि सहकाऱ्यांनी 2012 मध्ये पुढे आणला. शिक्षकांसाठीच्या पुस्तिकेत दोन्ही बाजू यायलाच हव्या होत्या.

दोन्ही वस्तू सुट्या मिळत असतील, तर श्रोणी अवश्य घ्यावी आणि सुट्या हाडांची कवटी दुसरीकडून मिळवावी.