‘नोकरी लागल्यावर फी भरा’ : ती फी नसते, तुमच्या नावावरचं कर्ज असतं

कोल्हापूरजवळच्या शिरोली, गोकुळ शिरगाव किंवा कागलच्या पंचतारांकित एमआयडीसीत डिप्लोमा करून लागलेल्या पोरांची तीन-चार वर्षांत एकच अडचण होते. पगार वीस-बावीस हजारांवर अडकतो, सुपरवायझरची जागा डिग्रीवाल्याला जाते आणि बरोबरचा कुणीतरी हिंजवडीला आयटीत लागलेला असतो. नेमक्या अशाच पोरांच्या मोबाइलवर जाहिरात येते : सहा महिन्यांत डेटा सायन्स, नोकरीची हमी, फी नोकरी लागल्यावर. पुढे जावंसं वाटणं यात काहीच चूक नाही. पण या धंद्यातली खरी फसवणूक कागदात असते आणि तो कागद मोबाइलच्या स्क्रीनवर दहा मिनिटांत सही होऊन जातो.

सुरुवात ९९ रुपयांच्या रविवारच्या ‘मास्टरक्लास’ने होते. दुसऱ्या दिवशी ‘करिअर काउन्सेलर’चा फोन येतो. एक स्कॉलरशिप टेस्ट होते, ती सगळेच पास होतात. १,८०,००० ची फी १,२०,००० वर येते, पण ‘दादा, आज रात्री बारापर्यंतच’. सीट धरायला ५,००० लगेच मागतात. काउन्सेलरचं टार्गेट महिन्याच्या ॲडमिशनवर असतं. तुम्हाला रात्रभर विचार करायला मिळाला, घरात विषय निघाला, तर ॲडमिशन जाते. म्हणून ही घाई.

मग लिंक येते. पॅन, आधारचा ओटीपी, सेल्फी, सहा महिन्यांचं बँक स्टेटमेंट, ई-साइन आणि शेवटी डेबिट कार्ड किंवा नेट बँकिंगने ई-मॅन्डेट, म्हणजे दर महिन्याला खात्यातून हप्ता आपोआप कापायची परवानगी. काउन्सेलर फोनवरच असतो : ‘हा नुसता हप्त्याचा फॉर्म आहे, पुढे दाबत चला.’ प्रत्यक्षात तो एखाद्या एनबीएफसीच्या, म्हणजे बिगरबँक वित्त कंपनीच्या, कर्जाचा अर्ज असतो. मंजूर झालं की रक्कम संस्थेच्या खात्यात जाते आणि कर्जदार म्हणून नाव तुमचं लागतं. १,२०,००० चे २४ हप्ते म्हणजे महिन्याला ५,०००. याला ‘झिरो कॉस्ट’, म्हणजे बिनव्याजी, म्हणतात ते यासाठी की व्याज संस्था आधीच एनबीएफसीला कापून देते. ते फीतच धरलेलं असतं.

पहिला हप्ता पुढच्याच महिन्यात, बहुतेक वेळा ५ तारखेला कापला जातो. नोकरी लागेपर्यंत थांबण्याचं आश्वासन फोनवरचं होतं, करारात ते नसतं. ज्या घरात दुधाच्या दहा दिवसांच्या बिलावर किराणा चालतो, तिथं पगारातले ५,००० असे गेले की पहिल्याच महिन्यात कळतं.

‘हमी’चं कलम वेगळ्याच पानावर असतं. त्यात साधारण अशा अटी दिसतात : हजेरी ८० ते ९० टक्के, प्रत्येक असाइनमेंट वेळेत, दहावी-बारावीला ६० टक्के, कुठल्याही शहरात जायची तयारी, आणि हमी नोकरीची नाही तर ‘मुलाखतीच्या संधीं’ची. डिप्लोमावाल्यानं एवढं तरी तपासावंच : अनेक कंपन्या या पदांना पदवीची अट घालतात, त्यामुळे कोर्स उत्तम झाला तरी अर्ज पहिल्याच चाळणीत गळतो. ही गोष्ट काउन्सेलरला माहीत असते. शिफ्टमध्ये काम करणाऱ्याची ९० टक्के हजेरी होत नाही, हेही त्याला माहीत असतं. एक अट चुकली की हमी संपते, हप्ता चालूच राहतो.

‘शिकवलंच नाही तर हप्ता कशाला भरू?’ म्हणून खात्यात पैसे न ठेवणं ही सगळ्यात महागात पडणारी चूक. शिकवण्याचा करार संस्थेशी आणि कर्जाचा करार एनबीएफसीशी, असे दोन वेगळे कागद असतात. मॅन्डेट बाउन्स झालं की दंड बँकही लावते आणि कर्ज देणारी कंपनीही. उशीर क्रेडिट रिपोर्टमध्ये चढतो आणि पुढे घराचं कर्ज काढताना तो आडवा येतो. शिल्लक नसल्यानं ई-मॅन्डेट परत जाणं हा पेमेंट अँड सेटलमेंट सिस्टिम्स कायदा, २००७ च्या कलम २५ खाली चेक बाउन्ससारखाच गुन्हा ठरू शकतो. बँकेत जाऊन मॅन्डेट रद्द करता येतं, पण त्यानं कर्ज फिटत नाही. वसुलीचे फोन मात्र सकाळी ८ च्या आधी आणि संध्याकाळी ७ नंतर करता येत नाहीत. तसे आले तर वेळेसकट नोंद ठेवा.

सही होऊन एक-दोन दिवसच झाले असतील तर पुढचं ताबडतोब करा. कर्जाबरोबर ‘की फॅक्ट स्टेटमेंट’, म्हणजे कर्जाच्या मुख्य अटींचा कागद, कंपनीला द्यावाच लागतो. तो उघडून ‘कूलिंग-ऑफ’ची, म्हणजे कर्जातून माघार घ्यायची, मुदत बघा. रिझर्व्ह बँकेच्या २०२५ च्या नियमांनुसार ती किमान १ दिवस असते, कंपनी जास्तही ठेवू शकते. या मुदतीत मुद्दल आणि तेवढ्या दिवसांचं व्याज देऊन दंडाशिवाय बाहेर पडता येतं. प्रोसेसिंग फी मात्र ते ठेवून घेऊ शकतात. गोची अशी की मुद्दल संस्थेकडं गेलेलं असतं. म्हणून एकच ईमेल दोघांना पाठवा : प्रवेश रद्द, कर्ज रद्द, रक्कम थेट एनबीएफसीला परत करा. कर्ज खाते क्रमांक लिहा. फोनवर ‘हो सर, करतो’ म्हणत मुदत टळेपर्यंत खेळवतात, त्यामुळे फोनवर काहीच ठरवू नका.

मुदत उलटली असेल तर रस्ता लांबचा आहे, पण आहे. तक्रार आधी एनबीएफसीच्या तक्रार निवारण अधिकाऱ्याकडं लेखी करा. ३० दिवसांत उत्तर नाही किंवा समाधान नाही, तर रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडं. माहितीसाठी १४४४८ हा क्रमांक आहे. संस्थेविरुद्ध राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइन १९१५ वर तक्रार नोंदवा. तिथं भागलं नाही तर जिल्हा ग्राहक आयोग. करारात ‘वाद फक्त बेंगळुरूत’ किंवा ‘लवादाकडेच’ असं छापलेलं असतं आणि ते वाचूनच बरेच जण गप्प बसतात. २०१९ च्या ग्राहक संरक्षण कायद्यानं तक्रारदार राहतो त्या जिल्ह्यात, म्हणजे कोल्हापुरातच, दावा लावता येतो. दिलेली रक्कम ५ लाखांपर्यंत असेल तर फी लागत नाही. मुदत कारण घडल्यापासून २ वर्षं. नोकरीच्या खोट्या हमीच्या जाहिरातींवर केंद्रीय ग्राहक संरक्षण प्राधिकरणानं नोव्हेंबर २०२४ मध्ये कोचिंग क्षेत्रासाठी मार्गदर्शक तत्त्वं काढली आहेत. तक्रारीत त्यांचा उल्लेख करा.

निकाल लागेपर्यंत जमेल तसा हप्ता भरत राहा आणि ‘हरकत राखून भरतोय’ असं ईमेलनं कळवा. तक्रारीला जोडायला हे लागेल : जाहिरातीचा स्क्रीनशॉट, काउन्सेलरचे व्हॉट्सॲप मेसेज, ५,००० ची पावती, कर्ज करार, की फॅक्ट स्टेटमेंट, बँक स्टेटमेंट, आणि किती तास थेट शिकवलं व किती रेकॉर्डेड व्हिडिओ होते याचा तारीखवार तक्ता. हा तक्ता आजच सुरू करा, कारण भांडण सुरू झालं की संस्था लॉगिन बंद करते आणि मग आतलं काहीच दाखवता येत नाही.