‘कास कडक’ असे लिहिले आणि खोकल्याचे औषध आले

जनावरांची औषधे, पेंड, मिनरल मिक्श्चर आणि शेतीची किरकोळ अवजारे घरपोच देणारे एक ॲप आम्ही सातारा तालुक्यातील आमच्या घरी आठ महिन्यांपासून वापरत आहोत. नाव मुद्दाम देत नाही. माल सांगितलेल्या दिवशी येतो आणि बांधणी चांगली असते. त्याबद्दल तक्रार नाही. तक्रार आहे ती शोधपट्टीबद्दल, कारण नेमके नाव माहीत नसलेल्या माणसाला तिथूनच आत शिरावे लागते.

पावसाळ्यात एके दिवशी पहाटे धार काढताना वहिनींच्या लक्षात आले की गाईचा मागचा एक सड गरम लागतो आहे आणि त्या बाजूची कास, म्हणजे सडांच्या वरचा दुधाचा भाग, दगडासारखी झाली आहे. त्यांनी गोठ्यातूनच ॲपवर ‘कास कडक’ एवढेच लिहिले. पहिल्या ओळीत माणसांच्या खोकल्याचे आयुर्वेदिक औषध आले, त्याखाली तळपाय घासण्याची काशाची वाटी आली. खोकल्याला आयुर्वेदात ‘कास’ म्हणतात, तेव्हा पहिले उत्तर अगदीच निराधार म्हणता येणार नाही. शिवाय आमच्या जिल्ह्यात ‘कास’ म्हटले की प्रथम आठवते ते 2012 साली पश्चिम घाटाच्या जागतिक वारसा स्थळांत समाविष्ट झालेले फुलांचे पठार आणि सातारा शहराला पाणी पुरवणारा तलाव. शब्द संदिग्ध आहे हे मान्य.

परंतु वहिनींनी एक शब्द लिहिला नव्हता, दोन लिहिले होते. खोकला कोरडा असतो, ओला असतो, डांग्या असतो, कडक नसतो. पठारही कडक नसते. ‘कडक’ या शब्दाने अर्थाचा निवाडा केलाच होता, आणि ॲपने नेमका तोच शब्द गाळून उरलेल्या शब्दावर दुकान मांडले. त्यात ही विचारणा ‘पशुऔषधे’ या विभागात उघडलेल्या पानावर झालेली होती आणि याच खात्यावरून आदल्या महिन्यात गोचिडांचे औषध मागवले गेले होते. संदर्भ थोडा होता, पण जेवढा होता तेवढा पुरेसा होता. ‘कास म्हणजे जनावराची का?’ एवढा एक उलट प्रश्न पडद्यावर आला असता तरी काम भागले असते.

नंतर मी स्वतः बसून पाहिले. ‘स्तनदाह’ (कास सुजण्याच्या या दुखण्याचे डॉक्टरी नाव) असे लिहिल्यावर सर्व योग्य वस्तू ओळीने येतात. ‘मास्टायटिस’ हे त्याचे इंग्रजी नाव लिहिले तरी येतात. आमच्याकडे या दुखण्याला ‘दगडी’ म्हणतात, ते लिहिल्यावर खलबत्ता आला. म्हणजे माल आहे, पण ज्याला डॉक्टरांचा शब्द ठाऊक आहे त्यालाच तो सापडतो.

त्याच दिवशी भाऊ साताऱ्यातील एका पशुऔषधांच्या दुकानात गेला आणि त्यानेही ‘कास कडक झालीया’ एवढेच सांगितले. दुकानदारांनी कपाटाकडे न वळता विचारले, “गाय का म्हैस? एकच सड का सगळी कास? दुधात गाठी येत्यात का?” तीन प्रश्नांत त्यांना दुखणे कळले, आणि प्रतिजैविक मागितल्यावर “आधी डॉक्टरांना दाखवा, चिठ्ठी आणा” असे सांगून त्यांनी फक्त सड धुण्याचे जंतुनाशक दिले. त्या सडाची धार शेवटी काढा आणि ते दूध वेगळे ठेवा, हेही बजावले.

ॲपवरून पुढे एक गोष्ट चांगली मिळाली, ती म्हणजे चार सडांसाठी चार वाट्या असलेले दूध तपासणीचे तबक. प्रत्येक वाटीत एकेका सडाचे दूध घेऊन तितकेच द्रावण मिसळायचे आणि हलवायचे. दूध चिकट, घट्ट होऊ लागले तर कास वरून मऊ असली तरी आत बिघाड आहे असे समजायचे. कोणत्याही गोठ्यात हे असावे. मात्र ते शोधण्यासाठी मला तीन वेळा शब्द बदलावे लागले.

घरपोच सेवेला पाचपैकी चार आणि शोधपट्टीला दीड गुण देतो. अर्धा गुण बोलून शोधण्याच्या सोयीमुळे कापला आहे. वहिनींनी दुसऱ्या दिवशी माइकचे बटण दाबून ‘कास कडक’ म्हटले, ॲपने ते ‘खास कडक’ असे ऐकले आणि चहापत्तीची पाकिटे समोर ठेवली.