थ्रॉटल सेन्सरच्या नावाखाली माझे साडेबावीस हजार गेले, गाडी गॅरेजला द्यायच्या आधी हे वाचा

आईच्या मोतीबिंदूच्या ऑपरेशननंतरची पहिली तपासणी करून आम्ही घरी येऊन राहिलो होतो. नवतपा सुरू, दुपारचे अडीच, बाहेर नुसती आग, आणि नागपूरच्या वर्धा रोडच्या डबल डेकर उड्डाणपुलावर ऐन मध्यात गाडीने धक्के द्यायला सुरुवात केली. रेस दिली की गाडी पुढे जायच्या ऐवजी गचकन थांबल्यासारखी व्हायची, मग एकदम उसळी मारायची, पुन्हा गचका. मीटरवर पिवळा चेक लाइट पेटला. मागून ट्रकवाला हॉर्न देऊन राहिला, पुलावर बाजूला घ्यायला जागा नाही, आणि मागच्या सीटवर आई डोळ्यावर हिरवी पट्टी बांधून बसलेली, विचारते, काय झालं रे, काय झालं. कसाबसा पूल उतरलो. ती दहा मिनिटं मी विसरलो नाही, म्हणूनच पुढे जे झालं त्याचा राग अजून जात नाही. भीती वाटलेल्या माणसाला लुटणं फार सोपं असतं.

गाडी २०१४ ची, छोटी पेट्रोल, ऍक्सिलरेटरला तारेची केबल असलेली. गॅरेजचं नाव लिहीत नाही, एरिया पण नाही लिहीत, कारण हे असं अनेक ठिकाणी चालतं आणि मला एका माणसापेक्षा त्याची पद्धत सांगायची आहे.

तर पहिल्या दिवशी त्याने स्टिअरिंगच्या खाली स्कॅनर लावला, स्क्रीन माझ्याकडे दोन सेकंद फिरवली आणि काढून घेतली. मला फक्त पी ०१२२ एवढा खराबीचा कोड दिसला, तो मी मोबाइलमध्ये लिहून ठेवला, नशीब की लिहून ठेवलं. तो म्हणाला, थ्रॉटल बॉडीत, म्हणजे इंजिनात हवा सोडणाऱ्या भागात, कार्बन आहे, साफ करून देतो, १,२०० रुपये. केलं. दोन दिवस गाडी मस्त चालली. तिसऱ्या दिवशी छत्रपती चौकात पुन्हा तेच. मग तो म्हणाला फ्युएल पंप प्रेशर देऊन नाही राहिला, ५,८०० घेतले, आणि विश्वास बसावा म्हणून जुना पंप पिशवीत घालून माझ्या हातात दिला. चार दिवस ठीक, पाचव्या दिवशी पुन्हा गचके. आता तो गंभीर चेहरा करून ईसीएमवर, म्हणजे इंजिन चालवणाऱ्या कॉम्प्युटरवर आला, म्हणाला, "साहेब, तुमचा ईसीएम गेला. नवीन घ्याल त तीस हजाराच्या वर जाते, मी रिपेअर करून आणतो, साडेअकरात होते. अन् थ्रॉटल सेन्सर पण नवीनच टाकून देतो, मग पाहायचंच काम नाही." पक्कं बिल मागितलं तर म्हणाला त्यावर टॅक्स लागन, कशाला वाढवता. मी ऐकलं. ईसीएमचे ११,५००, सेन्सरचे २,४००, मजुरी १,६००, आधीचे धरून सगळं मिळून २२,५०० झाले, आणि हातात एका वहीच्या पानावर पेनाने लिहिलेली चिठ्ठी. गाडी मधले अकरा दिवस त्याच्याकडेच होती.

आणि आठवड्याने तेच धक्के.

माझा मामेभाऊ बुटीबोरीला एमआयडीसीत इलेक्ट्रिशियन आहे. रविवारी सकाळी सात वाजता तो मल्टिमीटर घेऊन आला, ऊन चढायच्या आधी पाहून घेऊ म्हणाला. बोनेट उघडलं आणि त्याने काही न मोजता आधी नुसतं पाहिलं, दोन मिनिटं. मग म्हणाला, दादा इकडे ये. थ्रॉटल बॉडीच्या बाजूला तो काळा सेन्सर असतो, अंगठ्याएवढा, दोन स्क्रूवर बसवलेला. आमच्या गाडीत त्या स्क्रूच्या डोक्यावरून कंपनीने पिवळ्या रंगाचा एक ठिपका मारलेला आहे, अर्धा स्क्रूवर, अर्धा सेन्सरच्या अंगावर. तो ठिपका सलग होता, कुठे तडा नाही, वरून दहा वर्षांची तेलकट धूळ बसून कडक झालेली. म्हणजे त्या स्क्रूला आजपर्यंत कोणी हातच लावला नव्हता. २,४०० रुपये मी ज्या नवीन सेन्सरचे दिले तो या गाडीत कधी आलाच नाही. मला खरंच पोटात कसंतरी झालं. आम्ही तिथेच व्हिडिओ काढला, उघडायच्या आधी.

आता हा सेन्सर करतो काय ते सांगतो, कारण हे माहीत असतं तर मी फसलोच नसतो. टीपीएस, म्हणजे हा थ्रॉटल पोझिशन सेन्सर, रेडिओच्या आवाजाच्या बटणासारखाच प्रकार आहे. आत कार्बनची एक पट्टी, तिच्यावर एक काटा घासत फिरतो. तीन वायर असतात, एकीवर ईसीएमकडून ५ व्होल्ट येतात, एक अर्थिंग, आणि तिसरी सिग्नलची. पाय रेसवर नसेल तेव्हा सिग्नल साधारण अर्धा व्होल्ट, पूर्ण रेस दाबली की साडेचारच्या आसपास, मध्ये सरळ चढत जायला पाहिजे. ईसीएम त्याच्यावरून समजतो की ड्रायव्हर किती रेस देऊन राहिला आणि किती पेट्रोल सोडायचं. शहरात आपला पाय दिवसभर एकाच जागी असतो, तीस चाळीसच्या स्पीडला, थोडीशी दाबलेली रेस. पट्टी तिथेच सगळ्यात आधी घासते. काटा त्या घासलेल्या जागेवर आला की सिग्नल तुटतो, ईसीएमला वाटतं पाय काढला, गाडी गचका खाते, काटा पुढे सरकला की सिग्नल परत येतो आणि गाडी उसळते. पुलावर जे झालं ते हेच.

मोजलं असं. चावी ऑन, इंजिन बंद. कपलर, म्हणजे सेन्सरला वायरी जोडणारा प्लग, लावलेलाच ठेवून मागच्या बाजूने टाचणी वायरीच्या शेजारून आत सरकवायची, वायर सोलायची नाही, आणि मीटर डीसी व्होल्टवर. पहिल्या वायरीवर ५.०२ आले, बरोबर. अर्थिंग पण चांगलं. मग मी ड्रायव्हर सीटवर बसून रेस हळूहळू दाबायला लागलो आणि तो बोनेटपाशी उभा राहून आकडे वाचत होता, शून्य पॉइंट सहा... सात... आठ... नऊ... आणि एकदम ओरडला, थांब, पाय तिथेच ठेव. मीटरवर ०.०२. आणखी केसभर दाबली तर १.१. मागे घेतली तर पुन्हा शून्य. आम्ही ते सात आठ वेळा केलं, दर वेळी त्याच जागी पडत होता. मीटर डिजिटल असेल तर फार म्हणजे फारच हळू दाबा, आकडा बदलायला त्याला वेळ लागतो आणि पटकन दाबलं तर ती जागा निसटून जाते. काट्याचा जुना मीटर कोणाकडे असेल तर अजून चांगलं, काटा पडलेला डोळ्याला लगेच दिसतो.

मग मी विचारलं की ईसीएमचं काय, साडेअकरा हजाराचं. ही गोष्ट मला सगळ्यात महत्त्वाची वाटते. मोबाइलवर कोड आणि चालू रीडिंग दाखवणारं ब्लूटूथचं छोटं स्कॅनर ऑनलाइन हजाराच्या आत मिळतं, ते त्याने सोबत आणलं होतं. सेन्सरचा कपलर काढला, मोबाइलवर थ्रॉटलचा आकडा तळाला गेला. मग कपलरमधली ५ व्होल्टची आणि सिग्नलची पिन एका छोट्या वायरने जोडली, आकडा लगेच वर टोकाला गेला, आणि कोड बदलून पी ०१२३ आला. ०१२२ म्हणजे सिग्नल कमी, ०१२३ म्हणजे सिग्नल जास्त. वायर जोडल्याबरोबर कोड फिरला म्हणजे वायरिंग पण चांगली आणि ईसीएम पण चांगला, तो बिचारा जे मिळतं ते बरोबर वाचून राहिला, खराबी फक्त सेन्सरमध्ये. दहा मिनिटांचं काम. हे करताना कोणती पिन कोणती ते आधी मीटरने पक्कं करा, ५ व्होल्टची पिन अर्थिंगला लागली किंवा बॅटरीचे १२ व्होल्ट तिथे गेले तर खरोखरच ईसीएम जाऊ शकतो.

ईसीएमच्या पेटीचे बोल्ट पण पाहिले, त्यांच्यावरचा गंज जसाच्या तसा, पाना लागल्याची खूण कुठेच नाही. आणि तो पिशवीतला जुना पंप, त्याच्या कपलरला चार पिना, आमच्या गाडीच्या पंपाकडे जाणाऱ्या कपलरला दोन. दुसऱ्याच कोणाच्या गाडीचा पंप मला दाखवायला दिला होता. आमचा पंप जागच्या जागी आहे.

तुम्ही म्हणाल, मग दर वेळी दोन चार दिवस गाडी बरी कशी झाली. मलाही हेच कोडं होतं आणि त्याच्यामुळेच मी पुन्हा पुन्हा त्याच्याकडे गेलो. बॅटरीची तार काढून लावली किंवा स्कॅनरने कोड पुसला की चेक लाइट जातो. कपलर काढून परत बसवला की कधी कधी सिग्नल काही दिवस बरा मिळतो. आणि ही खराबी अशी असते की सकाळी थंड्यात येत नाही, दुपारी बोनेटखाली सगळं तापलं की येते. गाडी सकाळी हातात द्यायची, एक चक्कर मारून दाखवायची, माणूस खूश. गॅरेजवाला हे सगळं जाणून होता, नाहीतर दर वेळी सकाळी नऊलाच का बोलावायचा?

एक मात्र प्रामाणिकपणे सांगतो, पहिली साफसफाई खोटी नव्हती. थ्रॉटल बॉडीत कार्बन बसला तरी आयडलिंग वरखाली होतं, कुठून पाइप फाटून हवा आत गेली तरी तसंच होतं, आणि आपल्याकडे पार्किंगमध्ये उंदीर वायरी कुरतडतात त्याने पण हाच कोड येऊ शकतो. म्हणून कोड आला म्हणजे सेन्सर बदला असंही नाही. कोड फक्त सांगतो की या सर्किटमध्ये गडबड आहे, नेमकं कुठे ते मीटर लावल्याशिवाय कळत नाही. ५ व्होल्टच आले नाही तर सेन्सर बदलून काय होणार, तेव्हा आधी वायर पाहा, आणि त्याच ५ व्होल्टवर चालणारे बाकीचे सेन्सर एकेक काढून पाहा, एखादा शॉर्ट झाला असेल तर तो सगळ्यांचे व्होल्ट खाऊन टाकतो. नवीन गाड्यांमध्ये केबल नसते, थ्रॉटल मोटरने उघडतो आणि आत दोन सिग्नल असतात, तिथे चावी ऑन असताना थ्रॉटलच्या पात्यात बोट अजिबात घालू नका, पातं झटक्याने बंद होतं. बऱ्याच गाड्यांत सेन्सर वेगळा मिळत नाही, अख्खी थ्रॉटल बॉडी घ्यावी लागते, काही हजारांचं काम, म्हणून तिथे तर मोजल्याशिवाय हो म्हणूच नका.

नवीन सेन्सर घाट रोडवरून घेतला, १,३५०, पक्क्या बिलावर. दोन स्क्रू काढले, पिवळा ठिपका तेव्हा पहिल्यांदा तुटला. बसवून पाहिलं, पाय काढलेला असताना ०.५४ आणि पूर्ण दाबल्यावर ४.४, मध्ये कुठेच पडत नाही. पाऊण तास लागला.

मग आम्ही दोघं गॅरेजला गेलो. आधी म्हणाला नवीनच टाकला होता, तो पण खराब निघाला असन. व्हिडिओ दाखवला, ठिपका दाखवला, पंप समोर ठेवला. तेव्हा तो पोरांवर ढकलायला लागला, मग ७,००० रुपये मोबाइलवर परत पाठवले आणि म्हणाला याच्यावर काही मिळणार नाही, काय करायचं ते करा. १९१५ या ग्राहक हेल्पलाइनवर फोन केला, त्यांनी नीट ऐकून घेतलं, पण त्या माणसाने तिथेही दाद दिली नाही. आता जिल्हा ग्राहक आयोगात तक्रार दिली आहे. ५ लाखांपर्यंतच्या व्यवहाराला तक्रारीची फी नाही, घटनेपासून दोन वर्षांच्या आत द्यावी लागते, वकील लागतोच असं नाही, ऑनलाइन पण टाकता येते. पक्कं बिल नाही ही माझी कमजोर बाजू आहे, पण पैसे मी दर वेळी यूपीआयने दिले होते, त्या तारखा आणि आकडे वहीच्या पानावरच्या आकड्यांशी तंतोतंत जुळतात, व्हॉट्सऍपवर त्याने "ईसीएम तयार आहे, घेऊन जा" असं स्वतः लिहिलेलं आहे, आणि ते ७,००० परत आल्याची नोंद पण आहे. हे सगळं छापून जोडलं.

गाडी द्यायच्या आधी आता मी बोनेट उघडून फोटो काढतो, स्क्रू, कपलर, पेट्या, सगळ्यांचे जवळून, आणि मेकॅनिकच्या समोर काढतो. पार्ट बदलायचा असेल तर त्याला सांगतो की मीटर माझ्यासमोर लाव आणि आकडा दाखव, जुना पार्ट मी समोर उभा असताना काढ. आमच्या मेडिकल चौकाजवळच्या नवीन मेकॅनिकला यात काही वावगं वाटलं नाही, उलट त्याने स्वतः बोलावून दाखवलं. ज्याला याचा राग येतो त्याच्याकडून मी गाडी परत आणतो.

कोणाकडे अशीच पेनाने लिहिलेली चिठ्ठी पडली असेल आणि तक्रार कशी लिहायची ते कळत नसेल तर सांगा, मी बसून लिहून देईन. मीटर लावून पाहायचं असेल तरी या, रविवारी सकाळी मामेभाऊ असतोच. ऊन चढायच्या आधी या फक्त.