एकटा माणूस की सरकारी खातं? सोपारा आणि जोगेश्वरी

रविवारी नालासोपाऱ्याचा स्तूप बघून आलो आणि तेव्हापासून डोक्यात हेच चाललंय, की जुनं शोधायला आणि जपायला एक झपाटलेला माणूस जास्त कामाचा की अख्खं खातं?

एकोणिसाव्या शतकातले पुरातत्त्व अभ्यासक पंडित भगवानलाल इंद्रजींचं बघा ना. १८८२ मध्ये त्यांनी ‘बुरुड राजाचा कोट’ म्हणतात ते टेकाड, म्हणजे हाच स्तूप, उकरलं, आत दगडी पेटी, पेटीत एकात एक ठेवलेले करंडक (अवशेष ठेवायच्या डब्या) आणि भोवती ब्राँझच्या ८ मूर्ती, ७ बुद्ध नि एक मैत्रेय, म्हणजे पुढे होणारा बुद्ध! शिवाय सोपाऱ्यातच सम्राट अशोकाच्या आठव्या आज्ञालेखाचा (दगडावर कोरलेल्या राजाज्ञेचा) तुकडाही त्यांनाच सापडला. लोक ते टेकाड रोज बघत असणार, पण ती नजर या माणसाकडेच होती.

आता खातं. भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षण हे सरकारी खातं १८६१ पासून आहे, हातात जुनी स्मारकं जपायचा १९५८ चा कायदा, २०१० च्या दुरुस्तीनंतर स्मारकापासून १०० मीटरपर्यंत नवं बांधकाम बंद आणि त्यापुढच्या २०० मीटरला परवानगी लागते. एवढं असून जोगेश्वरीच्या लेण्यांना वस्तीने घेरलंय, बघून पोटात तुटतं. कान्हेरीची लेणी शाबूत राहिली त्यात भोवतालच्या नॅशनल पार्कचाही वाटा आहे, म्हणजे तिथे वनखातं कामी आलं.

पण खरं सांगू, सोपाऱ्याची ती पेटी आज मुंबईच्या एशियाटिक सोसायटी या अभ्यासकांच्या संस्थेकडे आहे, भगवानलाल १८८८ मध्ये गेले तरी ती टिकली ती संस्थेमुळेच. शोधायच्या बाबतीत माझं मत माणसाला, राखायला मात्र खातंच हवं, आणि त्या खात्यात निदान एक तरी झपाटलेला अधिकारी हवा.