छोटा प्रोजेक्टर : बुसेमीसाठी चांगला, क्रिकेटसाठी नाही

पाच महिने वापरून लिहितोय. किंमत साडेआठ हजार. डब्यावर ठळक अक्षरात 'फोर के', शेजारी मुंगीएवढं 'सपोर्ट'. म्हणजे फोर केची फाईल चालते, चित्र दिसतं त्याहून कितीतरी कमी बारकाईचं, ७२०पीचंच. लुमेन्सचं, म्हणजे उजेडाच्या मापाचंही तेच. ९००० छापलंय, पण एएनएसआय लुमेन्सचा, म्हणजे ठरलेल्या पद्धतीनं मोजलेल्या उजेडाचा आकडा कुठंच नाही, आणि विचारायचा तोच असतो. दुकानदार म्हणला, "अंधार करा साहेब, मग बघा." लातुरात मे महिन्यात अंधार पडायला साडेसात वाजतात. आयपीएल लावली तर लेकरांना चेंडूच दिसेना.

मी घेतला स्टीव्ह बुसेमी ह्या अमेरिकन नटासाठी. मी फायरमन, तोही आधी फायरमन. १९८० ते ८४ न्यूयॉर्कच्या लिटल इटलीत इंजिन कंपनी ५५ ह्या फायर ब्रिगेडच्या तुकडीत होता, नोकरी सांभाळून छोट्या स्टेजवर कामं करायचा. २००१ ला टॉवर पडले तेव्हा एवढा नावाजलेला नट गुपचूप आपल्या जुन्या कंपनीत गेला आणि बारा-बारा तास ढिगारा उपसत राहिला. ड्युटीवर हे मी किती जणांना सांगितलं असेल!

रात्रपाळी नसली की माळवदावर बाज टाकतो, समोर चुलत्याच्या घराची चुना दिलेली भिंत. पहिल्याच दिवशी बायको म्हणली, "ह्यो हिरो हाय व्हय?" बटबटीत डोळे, वाकडे दात, हिरो नाहीच तो. पण 'रिझर्व्हॉयर डॉग्ज'मध्ये (१९९२) टीप द्यायची नाही म्हणून हटून बसलेला मिस्टर पिंक बघताना तीच जास्त हसली. तिच्या भावाचंही चहाच्या बिलाला असंच असतं.

'फार्गो' (१९९६) ह्या मशीनवर झकास दिसतो, कारण सगळीकडं बर्फ. त्याच साली त्यानं स्वतः लिहून दिग्दर्शित केलेला 'ट्रीज लाउंज' मात्र बराचसा बारमध्ये घडतो, आणि अंधारातलं सगळं राखेसारखं एकच होतं. ज्या सिनेमात त्यानं खरा जीव ओतला तोच धड दिसू नये, याचा एक स्टार कापतो. 'घोस्ट वर्ल्ड'मध्ये (२००१) तो जुन्या ७८ आरपीएमच्या रेकॉर्डी जमवणारा एकटा माणूस आहे. आतल्या स्पीकरवर त्या रेकॉर्डी पत्र्याच्या डब्यात वाजल्यासारख्या येतात. वेगळा स्पीकर जोडाच.

'लिव्हिंग इन ऑब्लिव्हियन'मध्ये (१९९५) तो कमी पैशातल्या सिनेमाचा दिग्दर्शक. ऐन सीनमध्ये वरून माईक फ्रेममध्ये उतरतो. तेवढ्यात आमची लाईट गेली. बॅटरी नाही ह्याला, इन्व्हर्टर लागतो.

पाचपैकी तीन स्टार. एक लक्षात ठेवा : गादीवर, उशीवर ठेवू नका. हवा आत घ्यायची जाळी खालच्या बाजूला आहे, ती झाकली की मशीन तापतं. मी दोन विटांवर ठेवतो.