भाड्याच्या घराची केस घेतलेल्या आमच्या म्हापशाच्या वकील मॅडम : 5 पैकी 4

नाव मुद्दाम टाकत नाही. वकिलांना जाहिरात करायला बार कौन्सिलची बंदी आहे, माझ्यामुळे मॅडमना उगाच ताप नको.

आमचं म्हणजे जुन्या घराचा अर्धा भाग, बाबांच्या वेळेपासून भाड्याने, भाडं महिना 90 रुपये (हसू नका). मालक वारले आणि त्यांच्या मुलाने भाडं घेणंच बंद केलं. आई दोनदा घेऊन गेली तर म्हणे राहू दे मावशी, मागाहून बघू. आई खूश, किती चांगला मुलगा! आणि सात महिन्यांनी घरी रजिस्टर पोस्ट. आईने पोस्टमनला दारातूनच 'आमकां नाका' म्हणून परत पाठवला, घेतलंच नाही तर काय करतील असा तिचा हिशेब, आणि मला यातलं काहीच सांगितलं नाही. त्याच नोटिशीचा फोटो व्हॉट्सॲपवर आला तेव्हा कळलं.

मॅडमनी फाईल उघडायच्या आधी एकच विचारलं, मावशी पाकीट कुठल्या तारखेला परत पाठवलंत? मग भिंतीवरच्या कालनिर्णयवर पेनाने एकेक दिवस मोजला. 19 गेलेले. म्हणजे हातात 11. आपल्याकडे गोव्यात 1968 चा भाडे नियंत्रण कायदा आहे त्यात तीन महिन्यांचं भाडं थकलं आणि रजिस्टर नोटीस मिळाल्यावर 30 दिवसांत भरलं नाही तर मालकाला घर रिकामं करून मागता येतं, आणि ते 30 दिवस पाकीट नाकारलं तरी त्या दिवसापासून मोजतात. आईचा चेहरा बघण्यासारखा झाला. त्याच दिवशी सगळी थकबाकी मनीऑर्डरने पाठवली, सोबत पत्र. त्याने ती पण घेतली नाही. मॅडम म्हणाल्या, हा परत आलेला कागद फ्रेम करून ठेवा मावशी, तुम्ही द्यायला गेलात याचा हाच पुरावा.

गल्लीतल्या प्रत्येकाकडे फुकट सल्ला होता. एक काका तर ठामपणे म्हणाले तुम्ही मुंडकार, सरळ मामलेदाराकडे जा. मॅडमनी ते दोन मिनिटांत निकालात काढलं. मुंडकार म्हणजे भाटकाराच्या (जमीनमालकाच्या) जमिनीवर त्याच्या संमतीने घर करून राहणारा, त्याला 1975 चा वेगळा कायदा, आपण भाडं देतो, पावत्या आहेत, आपण भाडेकरू, आपली केस रेंट कंट्रोलरपुढे, म्हणजे भाड्याच्या केसी ऐकणाऱ्या अधिकाऱ्यापुढे. चुकीच्या दारात वर्षं घालवणारे लोक बघितलेत म्हणाल्या.

थकबाकीवरून घर काढून घ्यायचं जमलं नाही तेव्हा आता मालकाच्या मुलाने स्वतःला राहायला घर पाहिजे म्हणून अर्ज टाकलाय. केस चालू आहे. दर महिन्याचं भाडं आम्ही न चुकता भरतोय कारण केस चालू असताना भाडं थांबवलं तर कंट्रोलर आपली बाजू ऐकणंच बंद करून ताबा द्यायची ऑर्डर काढू शकतो, 90 रुपयांसाठी घर जायचं. विरुद्ध निकाल लागला तर वर ॲडमिनिस्ट्रेटिव्ह ट्रिब्युनलकडे अपील आहे, त्याच्यापुढे पर्वरीला हायकोर्ट. आणि मी विचारलं, आम्ही गावाला गेलो आणि त्याने कुलूपच बदललं तर? तर सहा महिन्यांच्या आत सिव्हिल कोर्टात दावा, घर कोणाच्या मालकीचं हा प्रश्न त्यात येतच नाही, कायद्याने न काढता बाहेर काढलं एवढंच बघतात आणि ताबा परत मिळतो. आई तेव्हापासून गणपतीला मामाकडे पण जायला तयार नाही, तो भाग वेगळा.

मला सगळ्यात पटलेली गोष्ट म्हणजे फी सांगायच्या आधी मॅडम स्वतःच म्हणाल्या, मावशी, बाईमाणसाला सरकारी खर्चाने वकील फुकट मिळतो, उत्पन्न कितीही असो, 15100 वर फोन करा नाहीतर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणात अर्ज द्या. स्वतःचं गिऱ्हाईक कोण असं घालवतं? आईने मात्र ह्याच पाहिजेत म्हणून हट्ट धरला.

एक स्टार कापला तो कशासाठी, तर फी सांगितली पण टायपिंग, झेरॉक्स, नोटरी हे सगळं मागाहून सुटं सुटं लागलं. फोन कधी उचलत नाहीत, मेसेज टाकायचा आणि रात्री दहाला 'ओके' येतो. सगळे कागद इंग्रजीत, आई सही करायच्या आधी प्रत्येक पान मला मराठीत सांगायला लावते, त्यात एकदा बाबांचं नाव चुकलेलं तिनेच पकडलं. ऑफिस दुसऱ्या मजल्यावर, लिफ्ट नाही, गुडघे दुखणाऱ्यांनी आधी कळवलं तर मॅडम खालच्या चहावाल्याकडे येऊन बोलतात. शुक्रवारी जाऊ नका, बाजाराच्या गर्दीत गाडी लावायला जागा मिळत नाही. आणि जुन्या भाड्याच्या पावत्या असतील नसतील तेवढ्या घेऊन जा, आमच्या आईच्या डब्याच्या तळाशी होत्या.