दुबईतलं कबाबचं हॉटेल आणि माझा फ्रीजरचा नियम

माझा धंदा हॉटेलं थंड ठेवण्याचा. वॉक-इन चिलर, डीप फ्रीजर, बर्फाचं मशीन, काउंटरखालचे फ्रिज, यांची दुरुस्ती आणि वार्षिक कंत्राटं. रत्नागिरीच्या आयटीआयमधून रेफ्रिजरेशन करून २००६ साली दुबईला आलो आणि तेव्हापासून इथल्या हॉटेलांत बहुतेक वेळा मागच्या दाराने शिरलोय. (हॉटेल म्हणजे आपल्या अर्थाने, जेवायचं. इथे टॅक्सीवाल्याला नुसतं 'हॉटेल' म्हटलं की तो पंचतारांकित पोर्चमध्ये नेऊन उभा करतो.) पुढच्या दाराने येणाऱ्याला झुंबर दिसतं. मला दिसतं दाराचं फाटलेलं रबरी गॅस्केट, गच्चीवर धुळीने बुजलेला कंडेन्सर, आणि आत रचलेले खोके. खोक्यांवर सगळं लिहिलेलं असतं: कुठून आलं, कधी गोठवलं, किती वजन.

त्यातून माझा एक नियम बनलाय. मेनूकार्ड जितकं जाड तितका फ्रीजर मोठा, आणि फ्रीजर जितका मोठा तितकं मी तिथे कमी जेवतो. एकाच हॉटेलात चायनीज, मुघलाई, शोरमा, पास्ता आणि वर 'कोकणी स्पेशल' मिळत असेल, तर ते सगळं ताजं कुठून येणार? वाळवंटातल्या या शहरात बहुतेक अन्न बाहेरूनच येतं. गोठवलेली कोंबडी ब्राझीलची, डाळ-तांदूळ आपल्याकडचे. तेव्हा गोठवणं हा काही गुन्हा नाही. उणे अठरा डिग्री नीट राखली तर माल बिघडत नाही, आणि ती राखली जावी म्हणूनच मला पगार मिळतो. पण उणे अठरातून आलेलं मटण आणि सकाळी आलेलं मटण यांत जिभेला फरक कळतो, आणि मला तो जरा जास्तच कळतो.

हे सगळं आठवायचं कारण म्हणजे गेल्या डिसेंबरात बायकोचा भाऊ कराडहून आला होता. आठ दिवस. पहिल्याच दिवशी म्हणाला, "दाजी, बुर्ज खलिफा खालून बघितला तरी चालंल, पण दुबईचं खरं जेवण खाऊ घाला." आता दुबईचं खरं जेवण म्हणजे काय, यावर इथे वीस वर्षं काढलेली माणसंही भांडतात. इथे दर दहा माणसांत नऊ बाहेरचे. माझ्या बिल्डिंगखाली मल्याळी कॅफेटेरिया, समोर पेशावरी तंदूर, कोपऱ्यावर फिलिपिनो बेकरी. मी त्याला बर दुबई या जुन्या भागात कबाब खायला न्यायचं ठरवलं.

हॉटेलचं नाव अल उस्ताद स्पेशल कबाब. जुनी माणसं अजून 'ओस्तादी' म्हणतात, कारण आधी पाटीच तशी होती. १९७८ पासून चालू आहे, इराणी कुटुंबाचं. मुसल्ला रोडवर, मेट्रोच्या ग्रीन लाइनच्या शरफ डीजी स्टेशनवर उतरून थोडंसंच चालायचं. या स्टेशनचं आधीचं नाव अल फहिदी. दुबईत स्टेशनांची नावंसुद्धा बदलतात. एका जागी टिकणारी हॉटेलं फार थोडी, आणि हे त्यातलं एक.

शुक्रवारी रात्री साडेआठला पोचलो. बाहेर घोळका. आम्ही चौघं, बायको आणि मुलगी धरून. पंधरा-वीस मिनिटं उभे राहिलो. आत शिरल्यावर मेहुणा आधी भिंतींकडेच बघत राहिला, कारण बोट ठेवायला जागा नाही इतके फोटो. येऊन गेलेले खेळाडू, शेख, नट, सगळे एका ओळीत. टेबलाच्या काचेखाली देशोदेशीच्या नोटा आणि नाणी. आमच्या टेबलावर मुलीने आधी गांधीजी शोधले, मग ऑर्डर देऊ दिली.

मेनू छोटा. माझ्या नियमाने पहिला गुण इथेच. मुख्य म्हणजे कबाब: दह्यात मुरवलेला, सळईवर भाजलेला, मटणाचा आणि चिकनचा. सोबत भात नाहीतर नान, कच्चा कांदा, हिरवा पाला. आम्ही दोन्ही कबाब मागवले, भात आणि नान दोन्ही.

आता कबाबाबद्दल जरा सावकाश सांगतो, कारण मेहुण्याची आणि माझी खडाजंगी त्यावरच झाली. ताट आलं तेव्हा कबाबाला आपल्याकडच्या तंदुरीसारखा लालभडक रंग नव्हता. फिकट पिवळसर, कडेला जिथे निखारा लागला तिथे तपकिरी. मेहुण्याने पहिला तुकडा तोंडात टाकला आणि चावता चावता माझ्याकडे बघितलं. "दाजी, ह्यात तिखट कुठाय?" मी म्हटलं, नाहीच. मसालाही फारसा नाही. कराडचा माणूस, तांबड्या रश्श्यावर वाढलेला, त्याला हे म्हणजे आजारी माणसाचं जेवण वाटलं. मी म्हटलं, दुसरा तुकडा कांद्याबरोबर खा, आणि बोलू नकोस.

दह्याचं काम समजून घेतलं की हा कबाब समजतो. दह्यातलं आम्ल मटणाच्या बाहेरच्या थराला मऊ करतं, आणि दह्याचा पातळसा लेप निखाऱ्यावर आधी भाजतो. म्हणून दाताखाली पहिल्यांदा किंचित चिकट, आंबूस साल लागते आणि मग आतून रस सुटतो. तिखट घातलं असतं तर ही आंबूस चव मेलीच असती. आणि गोठवलेलं मटण असं रस सोडत नाही. गोठताना आतल्या पाण्याचे काटे होतात, तंतू फाटतात, आणि वितळताना तो रस ट्रेमध्ये जातो. दर आठवड्याला कुठल्या ना कुठल्या किचनमध्ये तो गुलाबी पाण्याचा ट्रे मी बघतो. या हॉटेलच्या किचनमध्ये मी कधी कामाला गेलेलो नाही, तेव्हा आत काय आहे ते मी सांगत नाही. मी फक्त ताटातलं सांगतोय.

चौथ्या तुकड्याला मेहुणा गप्प झाला. सहाव्याला म्हणाला, "मटण चांगलं हाय, ह्यात वादच नाही." पुढे हेही म्हणाला की वहिनीने, म्हणजे त्याच्या बायकोने, यावर रस्सा केला असता तर बहार आली असती. त्याला काय बोलणार?

भातावर लोणी. आपल्या माणसाला कोरडा भात आणि कबाब ही जोडी आधी पटत नाही, हात आमटी शोधत राहतो. माझ्या बायकोला अजून पटलेली नाही, ती नानच घेते. चिकनचा कबाब मटणापेक्षा थोडा मागे, असं माझं मत. मुलीचं मत बरोबर उलटं. सेवा झटपट, जरा घाईची. बाहेर लोक उभे असले की गप्पा मारत बसवत नाही, हे सांगायलाच हवं. निवांत बसायचं असेल तर आठवड्याच्या मधल्या वारी, संध्याकाळी लवकर जा. बिल माणशी चाळीसेक दिरहम. मेहुण्याने लगेच रुपये केले. नवीन आलेला प्रत्येकजण पहिले आठ दिवस असाच गुणाकार करत जेवतो. मीही केला होता, आणि त्या पायी पहिले दोन महिने शोरमाच खाल्ला नव्हता.

तेव्हा मी खात होतो मेसचा डबा. सातवा नावाच्या भागात एका खोलीत आठ जण, बेड-स्पेस, म्हणजे भाड्याने फक्त एक पलंग. डब्याच्या पिशवीवर खोलीचा नंबर, दाराच्या कडीला लटकवून जायचे. आमटीत तळाला डाळ शोधावी लागायची आणि मंगळवारी न चुकता कोबी. मेसचं नाव लिहीत नाही, मालकाने मला दोन महिने उधारीवर जेवू घातलं होतं. त्याच सातव्यातलं रावी हे पाकिस्तानी हॉटेलही १९७८ चंच. पगार झाला की तिथे फूटपाथवरच्या टेबलावर बसून डाळ आणि रोटी. २०२२ साली अदिदासने त्या हॉटेलच्या नावाचा हिरवा-पांढरा बूट काढला, तेव्हा आमच्या जुन्या खोलीच्या ग्रुपवर दिवसभर तेवढंच चाललं होतं.

आता उलट बाजूही सांगतो. दोन वर्षांपूर्वी बायकोच्या कंपनीने एका मोठ्या हॉटेलातल्या ब्रंचची कूपनं दिली. हा ब्रंच प्रकार आधी शुक्रवारचा होता. २०२२ पासून सुट्टी शनिवार-रविवारची झाली आणि ब्रंच शनिवारी सरकला. तिथे पाटीवर लिहिलं होतं 'हमूर, लिंबू-लोण्यात'. हमूर म्हणजे आखाताचा लाडका मासा, घट्ट, मोठ्या पापुद्र्यांचा. माझ्या ताटात जे आलं ते काट्याने दाबल्यावर पापुद्रे न पडता लगद्यासारखं बसलं आणि खाली पाणी सुटलं. बासा, गोठवून येणारा स्वस्तातला मासा. दहा किलोचे खोके मी इतके हलवलेत की डोळे बांधूनही सांगेन. वेटरला विचारलं, त्याने शेफला विचारलं, शेफ आला आणि म्हणाला, "सर, इट इज हमूर स्टाइल." बायकोने टेबलाखालून पाय दाबला म्हणून मी गप्प बसलो. संगमेश्वरच्या माणसाला मासा शिकवायला निघाले होते.

मासा खायचा तर उम्म सुकीमला, कोळ्यांच्या बंदराजवळ. हॉटेलचं नाव बू कतैर. आधी ही एक पत्र्याची पोर्टाकॅबिन होती, आता बाजूलाच पक्की जागा आहे. आलेला मासा समोर दिसतो, बोट दाखवायचं, वजनावर पैसे, मसाला लावून तळून देतात. सोबत पराठा आणि केरळी वळणाचा रस्सा. मेहुण्याला दुसऱ्या दिवशी तिथे नेलं, तिथे त्याला तिखटही मिळालं आणि मला टोमणेही.

नियमाला अपवाद आहेत, नाही म्हणत नाही. अल कूझला, जबल अलीला कामगारांच्या कॅम्पसाठी हजारो माणसांचं जेवण रांधणारी किचन्स आहेत. तिथला फ्रीजर म्हणजे खोलीएवढा, आणि तो तसाच हवा. जुलैत गच्चीवर उभं राहवत नाही अशा उन्हात कॉम्प्रेसर ट्रिप झाला आणि आतला माल गेला, तर उद्या पहाटेच्या बसला डबे जाणार नाहीत. अशा कॉलला मी बिर्याणीच्या चवीचा विचार करत नाही, धावत जातो. आणि दुसऱ्या टोकाला पाम या कृत्रिम बेटावरचं ट्रेसिंड स्टुडिओ हे महागडं हॉटेल. २०२५ साली त्याला मिशेलिन गाइडचे तीन स्टार, म्हणजे त्यांचा सर्वोच्च दर्जा, मिळाले, जगात भारतीय जेवणाच्या हॉटेलला पहिल्यांदाच. शेफ हिमांशू सैनी. तिथे मी जेवलेलो नाही, मेहुण्याच्या गुणाकारात ते बसलंही नसतं. कूपन कोणी दिलं तर नाही म्हणणार नाही.

कबाब खाऊन आम्ही खाडीकडे चालत निघालो. क्रीक म्हणजे खाडीच की, आपल्या शास्त्री नदीसारखी भरती-ओहोटीची. वाटेत जुन्या बस्तकिया वस्तीतले वारा-मनोरे दिसतात. इराणच्या बस्तकहून आलेल्या व्यापाऱ्यांनी बांधलेली घरं, चारी बाजूंनी उघडा मनोरा, वरचा वारा खाली खोलीत. मी मेहुण्याला म्हटलं, हा बघ माझ्या धंद्याचा आजोबा, गॅस नको, कॉम्प्रेसर नको. त्याचं लक्ष नव्हतं. त्याला चहा हवा होता. "इराणी हॉटेलात जेवलो आणि इराणी चहा नाही?" पुण्याच्या बन-मस्क्याशी त्याने सगळा इराण जोडून टाकला होता.

कडक चहा घेतला कोपऱ्यावरच्या कॅफेटेरियात. मल्याळी पोऱ्याने उकळत्या चहात रेनबो छापाच्या आटवलेल्या दुधाचा डबा ओतला, वेलची ठेचून टाकली, एका भांड्यातून दुसऱ्यात दोन हात उंचावरून तीनदा ओतला. बाहेर गाड्या उभ्या, एकेक जण हॉर्न वाजवतो, पोऱ्या धावत जाऊन काचेतून कप देतो. त्या कॅफेटेरियात कोल्ड्रिंकचा एक उभा फ्रिज आणि आइस्क्रीमची एक पेटी, बस्स. माझ्या नियमाने पहिला नंबर.

मग एक दिरहम देऊन अब्राने, म्हणजे खाडी ओलांडणाऱ्या होडीने, पलीकडे देरात गेलो. बायकोला कोकम हवं होतं, पण त्यासाठी अल आदिल हे दुकानच बरं, दातारांचं. १९८४ साली दातारांच्या वडिलांच्या छोट्या दुकानापासून सुरू झालेला कारभार आज इथल्या प्रत्येक मराठी घरात गोडा मसाला पोचवतो. देरातल्या मसाल्याच्या बाजारात मेहुण्याची नजर मात्र काळ्या सुकवलेल्या लिंबांवर गेली. लूमी म्हणतात त्यांना. वजनाला काही नाही, हलवलं की आत बिया खुळखुळतात. इराणी-अरबी रश्श्यात भोक पाडून टाकतात, आंबट-धुरकट चव येते. दुकानदाराने फोडून वास दिला आणि मेहुण्याने पाव किलो घेतली. म्हणाला, "आता बघा दाजी, कराडला रस्सा कसा करतो ते."

जानेवारीत फोन आला. लिंबं सडलीत म्हणून वहिनीने पिशवीसकट उकिरड्यावर टाकली. पुढच्या खेपेला येताना अर्धा किलो आण म्हणतोय.